मान्सा कासाचे नऊ महिने शकावलीत कसे बसवायचे

मध्ययुगीन माली साम्राज्याच्या राजावळीत मान्सा (म्हणजे राजा) कासाच्या वाट्याला जेमतेम एक वाक्य आले आहे. मान्सा सुलेमान गेला, त्याचा मुलगा कासा गादीवर आला, नऊ महिने टिकला, मग मारी जाता. एवढेच. संदर्भग्रंथ त्याच्या नावापुढे '१३६०' टाकून मोकळे होतात. पण हा आकडा हिशेबातून निघालेला आहे, आणि तो हिशेब ताडून पाहिला तर कासाची कारकीर्द निदान सुरू तरी १३५९ मध्ये झाली असावी असे दिसते. हा हिशेब स्वतः कसा करायचा, त्यात कुठे घसरायला होते आणि शेवटी नोंद कशी लिहायची, ते पुढे दिले आहे. भाऊबंदकीच्या धामधुमीत काही महिने राज्य करून गेलेल्या इतर मान्सांनाही हीच रीत लागू पडते.

लागणारे सामान थोडे आहे: एक मोठा कागद, तीन रंगांच्या पेन्सिली आणि हिजरी तारखा ज्युलियन तारखांत बदलून देणारे कोष्टक. 'ज्युलियन', म्हणजे आजच्या ग्रेगोरियनच्या आधीची युरोपीय दिनदर्शिका, हा शब्द महत्त्वाचा आहे. संगणकावरची अनेक तारीखबदल साधने ग्रेगोरियन उत्तर देतात आणि चौदाव्या शतकात ते आठ दिवस पुढे पडते. एक तारीख ज्युलियन आणि दुसरी ग्रेगोरियन घेतली, तर नऊ महिन्यांच्या कारकिर्दीत आठवडाभराची चूक फुकट घुसते.

कोणते साधन कशासाठी वापरायचे

कासाबद्दल बोलणारा एकच समकालीन लेखक आहे, इब्न खलदून. तो मालीत कधी गेला नाही. त्याने राजावळी लिहिली ती माहीतगारांना विचारून. मारी जाताच्या काळाबद्दल त्याला सांगणारा माणूस सिजिलमासाचा (वाळवंटाच्या उत्तर कडेचे मोरोक्कोतले गाव) होता आणि गाओत काझी म्हणून राहिलेला होता, म्हणजे दरबारापासून दूर, पण साम्राज्याच्या आत.

इब्न खलदूनच्या 'किताब अल-इबर'मध्ये मालीची माहिती दोन ठिकाणी आहे. एक राजावळी, जी सगळे वाचतात. दुसरी मोरोक्कोच्या मरिनी घराण्याच्या इतिहासात, जिथे मालीहून मरिनींच्या राजधानीत, फेझला, आलेल्या नजराण्याची हकिकत येते. दुसरी जागा बहुतेकांच्या नजरेतून सुटते, कारण मालीचा शोध घेणारा मरिनींच्या प्रकरणात डोकावत नाही. कासाचा काळ पक्का करणारी खूण नेमकी तिथेच आहे. शिवाय हा नजराणा पोहोचला तेव्हा इब्न खलदून फेझमध्ये सुलतान अबू सालिमच्या दरबारी चिटणिशी करत होता. राजावळी ऐकीव आहे, नजराणा डोळ्यांदेखत आलेला आहे. दोन्हींना सारखे वजन देऊ नका.

मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता १३५२च्या जूनअखेरीस मालीच्या राजधानीत आला आणि १३५३च्या फेब्रुवारीअखेरीस निघाला, म्हणजे आठ महिने. त्याच्याकडे कासा राजाचे नाव नाही. तेव्हा सुलेमान जिवंत होता. पण दरबारातली कुरबुर त्याने पाहिली आहे आणि प्रवासाला लागणारे दिवस नोंदले आहेत. ते दिवस पुढे हिशेबात लागतील. मालीचे वर्णन करणारा अरब लेखक अल-उमरी १३४९मध्येच वारला, त्यामुळे कासाच्या काळासाठी तो कामाचा नाही.

नाण्यांचा शोध घेण्यात वेळ घालवू नका. सोन्याची भुकटी, मीठ आणि कवड्या यांवर चाललेल्या या राज्यात मान्सांच्या नावाची नाणी मिळत नाहीत, त्यामुळे जिथे इतर घराण्यांत एका नाण्यावरून वर्ष ठरते, तिथे इथे हात रिकामेच राहतात.

आधी वंशवृक्ष, मग तारखा

उलट क्रमाने काम केले की गोंधळ होतो, कारण नावे पुन्हा पुन्हा येतात. मारी जाता दोन आहेत: पहिला साम्राज्याचा संस्थापक, ज्याला गाणारे सुंजाता म्हणतात, आणि दुसरा कासानंतरचा. मघा दोन, मूसा दोन. कागदावर प्रत्येक नावापुढे आकडा आणि बापाचे नाव लिहिल्याशिवाय पुढे जाऊ नका.

मधला भाग असा काढा. मान्सा मूसा, ज्याने हिजरी ७२४ मध्ये, म्हणजे १३२४ला, हजयात्रा केली. त्याचा मुलगा मघा, चार वर्षे. मघानंतर गादी त्याच्या मुलाकडे न जाता काकाकडे, मूसाचा भाऊ सुलेमान याच्याकडे गेली. सुलेमानचा मुलगा कासा. मघाचा मुलगा मारी जाता, म्हणजे मूसाचा नातू.

आता कागदावर दोन शाखा दिसतील आणि भांडणाचे मूळही. मूसाच्या शाखेला वाटणार की सुलेमानची कारकीर्द मधला अपवाद होती आणि गादी आता मूळ घरात परत यायला हवी. सुलेमानच्या शाखेला वाटणार की बापामागून मुलगा हे सरळच आहे. सुलेमानचे राज्य दीर्घ चालले, त्यामुळे प्रश्न वीसेक वर्षे दबून राहिला आणि तो मरताच उसळला. इब्न खलदून नजराण्याच्या हकिकतीत सांगतो की सुलेमानच्या मृत्यूनंतर मालीच्या लोकांत फूट पडली, राजपुत्र गादीसाठी एकमेकांवर उठले आणि एकमेकांना मारू लागले. शेवटी मारी जाता वर आला. राजावळीतले कासाचे 'नऊ महिने' आणि ही यादवी एकाच काळातली आहे. दोन्ही वाक्ये एकमेकांशेजारी ठेवली की कासाला शांतपणे राज्य करायला मिळालेच नसावे, एवढे म्हणता येते. त्याला कोणी आणि कुठे मारले, हे साधनात नाही. तसे लिहिलेले आढळले तर ती लिहिणाऱ्याची भर समजा.

वंशवृक्ष तीन रंगांत काढा. साधनात सरळ लिहिलेले नाते काळ्याने, दोन वाक्ये जोडून काढलेले निळ्याने, आधुनिक अभ्यासकांचा तर्क लाल तुटक रेषेने. लाल रेषेची गरज लगेच पडते, कारण इब्न बतूताने नोंदलेला एक कट सगळ्यांना मोहात पाडतो.

तो सांगतो की सुलेमानने आपली थोरली राणी, जी त्याची चुलत बहीणही होती आणि जिचे नाव खुतब्यात, म्हणजे मशिदीतल्या शुक्रवारच्या प्रवचनात, राजाबरोबर घेतले जाई, तिच्यावर रागावून तिला एका सरदाराच्या घरी कैदेत ठेवले आणि बंजू नावाची दुसरी बायको पुढे आणली. लोकांना हे रुचले नाही, कारण बंजू राजघराण्यातली नव्हती. मग एका दासीच्या जबानीतून उघड झाले की राणीने हद्दपार केलेल्या जाता नावाच्या राजाच्या चुलतभावाशी संधान बांधून त्याला गादी घ्यायला बोलावले होते. सरदारांनी तिला देहदंडास पात्र ठरवले, तेव्हा तिने खतीबाच्या, म्हणजे ते प्रवचन देणाऱ्याच्या, घरी आसरा घेतला.

हा जाता म्हणजेच आठ वर्षांनी गादीवर बसलेला मारी जाता, असा तर्क केला जातो. तर्क आकर्षक आहे, पण इब्न बतूता त्याला सुलेमानचा चुलतभाऊ म्हणतो आणि मारी जाता सुलेमानच्या पुतण्याचा मुलगा होता. नाते जुळत नाही. परदेशी प्रवाशाने नाते चुकीचे ऐकले असेलही. म्हणून लाल तुटक रेषा, त्यापेक्षा जास्त नाही.

दुसरा खड्डा त्याच पानावर आहे. त्या राणीचे नाव इब्न बतूता 'कासा' असेच देतो. राजा कासा आणि राणी कासा या दोन नोंदी एकत्र करणारे आहेत. अरबी हस्तलिखितांत राजाच्या नावाचे पाठभेद मिळतात, काही ठिकाणी ते 'कान्बा'सारखे वाचले जाते, कारण नुक्ते वरखाली झाले की सीन, नून, बा यांची गल्लत होते. म्हणजे राजाचे नाव 'कासा' हेच मुळात शंभर टक्के पक्के नाही. मग केवळ नावसाधर्म्यावर राणीला राजा करून टाकणे, किंवा राजाला राणीचा मुलगा ठरवणे, हा पाया नसलेला मजला आहे. नोंदीत 'कासा, पाठभेद कान्बा' असे लिहा आणि पुढे चला.

चांद्र वर्षांचा हिशेब

इब्न खलदूनची 'वर्षे' चांद्र आहेत. एक चांद्र वर्ष सुमारे ३५४.३७ दिवसांचे, म्हणून २४ चांद्र वर्षे म्हणजे सुमारे २३.३ सौर वर्षे. साडेआठ महिन्यांचा फरक पडतो. नऊ चांद्र महिने म्हणजे २६६ दिवस, नऊ सौर महिने २७४. इथे फरक फक्त आठ दिवसांचा, पण दीर्घ कारकिर्दी एकावर एक रचत गेलात तर चूक वर्षावर जाते.

साधा नियम: बेरीज-वजाबाकी सगळी हिजरीतच करा आणि शेवटच्या उत्तराचे तेवढे इसवी सनात रूपांतर करा. अंदाजासाठी हिजरी वर्षाला ०.९७०२ने गुणून ६२१.६ मिळवले तरी चालते. ७७५ घ्या: ७५१.९ अधिक ६२१.६, म्हणजे १३७३.५. हिजरी ७७५ खरोखरच १३७३च्या जूनमध्ये सुरू होते. उत्तरात दशांश आला तर तो पुसू नका. हिजरी वर्ष दोन इसवी वर्षांत पाय टाकून असते हे तोच आठवण करून देतो. चंद्रदर्शनामुळे दिवसा-दोन दिवसांचा फरक राहतो, तो सोडून द्या.

खुंट्या ठोकणे

आता कागदावर फक्त तारीखवार पक्क्या घटना मांडा. हिजरी ७२४, मूसाची हजयात्रा. हिजरी ७३७चा रमजान, म्हणजे १३३७चा वसंत, मरिनी सुलतान अबू अल-हसनने त्लेमसेन (आजच्या अल्जेरियातले शहर) घेतले. त्यानंतर अभिनंदनासाठी मूसाचे वकील गेले, म्हणजे मूसा तेव्हा जिवंत होता. हिजरी ७५३–७५४, इब्न बतूता राजधानीत, गादीवर सुलेमान. हिजरी ७६२चा सफर महिना, मालीचा नजराणा फेझमध्ये. हिजरी ७७५, मारी जाताचा मृत्यू, चौदा वर्षे राज्य करून.

७७५ वजा १४, म्हणजे मारी जाता ७६१ मध्ये आला. ही पहिली चौकट. हिजरी ७६१ म्हणजे २३ नोव्हेंबर १३५९ ते १० नोव्हेंबर १३६०.

इथेच थांबून 'म्हणून कासा १३६०' असे लिहिले जाते. थांबू नका, कारण नजराण्याची खुंटी चौकट आणखी आवळते.

हकिकत अशी: सुलेमानने मरिनी सुलतानासाठी पाठवलेला नजराणा वलाताला, वाळवंटाच्या दक्षिण कडेच्या गावी, अडकून पडला, कारण तेवढ्यात सुलेमान वारला. यादवी संपून मारी जाता आला, त्याला ही गोष्ट कळली, त्याने नजराणा पुढे पाठवायचा हुकूम दिला आणि त्यात एक जिराफ घातला. सफर ७६२ मध्ये सगळे फेझला पोहोचले आणि तो विचित्र प्राणी पाहायला ही झुंबड उडाली.

सफर ७६२ म्हणजे ११ डिसेंबर १३६० ते ८ जानेवारी १३६१. आता मागे मोजा, आणि प्रत्येक टप्प्याला शक्य तेवढा कमी वेळ द्या, कारण आपल्याला 'याच्या नंतर नाही' अशी मर्यादा हवी आहे.

सिजिलमासा ते वलाता इब्न बतूताला दोन महिने लागले. सफरच्या शेवटच्या दिवसातून ६० दिवस वजा केले की ९ नोव्हेंबर. वलाता ते राजधानी, चपळ प्रवाशाला २४ दिवस असे तोच सांगतो. ते वजा केले की १६ ऑक्टोबर. सिजिलमासाहून ॲटलस ओलांडून फेझपर्यंतचे किमान दहा दिवस धरा. हे दहा आपले गृहीत आहे, साधनातले नाही, म्हणून निळ्या पेन्सिलीने लिहा. उत्तर ६ ऑक्टोबर १३६०. या तारखेला मारी जाता गादीवर पक्का बसून वलाताला हुकूम सोडण्याच्या स्थितीत असायलाच हवा. प्रत्यक्षात बरेच आधी, कारण जिराफ काही चपळ प्रवाशाच्या चालीने वाळवंट ओलांडत नाही आणि त्याला मुळात दक्षिणेतून पकडून आणावे लागले असणार.

६ ऑक्टोबर १३६०मधून २६६ दिवस वजा करा. १३६० लीप वर्ष होते, फेब्रुवारीचा २९वा दिवस विसरू नका. उत्तर १४ जानेवारी १३६०. कासा यानंतर गादीवर आलेला असू शकत नाही. जिराफाच्या प्रवासाला एक महिना जास्त दिला तरी त्याची सुरुवात १३५९च्या डिसेंबरात जाते.

दुसरी मर्यादा चौकटीच्या दुसऱ्या टोकावरून. मारी जाता ७६१च्या पहिल्या दिवशी आला असे धरले, तर कासाचे नऊ महिने २ मार्च १३५९पासून सुरू होतात. म्हणजे कासाची सुरुवात मार्च १३५९ आणि मध्य-जानेवारी १३६० यांच्या दरम्यान, शेवट नोव्हेंबर १३५९ आणि ऑक्टोबरची सुरुवात १३६० यांच्या दरम्यान. कासा पडल्यावर मारी जाता येईपर्यंत गादी काही काळ रिकामी राहिली असेल, तर सगळे आणखी मागे सरकते. पुढे सरकायला मात्र जागा नाही.

चौदा वर्षे ही गोळाबेरीज आहे, हेही लक्षात असू द्या. तेरा वर्षे दहा महिन्यांनाही सांगणारा चौदाच म्हणतो. पण नजराण्याच्या मर्यादेला हे बाधत नाही, कारण ती राज्यवर्षांवर अवलंबून नाही. म्हणूनच डिसेंबर-जानेवारीची वरची मर्यादा पक्की आणि मार्चची खालची सैल, असा भेद नोंदीत ठेवा.

ताळा: सुलेमानची २४ वर्षे

हिशेबाचा ताळा घ्यायचा तर मागे जाऊन बेरीज जुळते का पाहायचे. इथे ती जुळत नाही, आणि अनेक जण इथेच हात टेकतात. राजावळी सुलेमानला २४ वर्षे देते, मघाला ४, मूसाला २५. ७६१मधून २४ गेले, ७३७. त्यातून ४, ७३३ला मूसा मेलेला असायला हवा. पण ७३७च्या रमजाननंतर मूसाचे वकील त्लेमसेनच्या विजयाचे अभिनंदन करत आहेत. मेलेला राजा वकील पाठवत नाही.

तफावत किती? बरोबर चार वर्षे, म्हणजे मघाची कारकीर्द जेवढी तेवढीच. सुलेमानची २४ वर्षे ही मूसाच्या मृत्यूपासून मोजली गेली आणि मघाची चार त्यात दुहेरी आली, असे धरले की सगळे बसते: मूसाचा मृत्यू १३३७च्या आसपास, मघा १३४१पर्यंत, सुलेमान तिथून पुढे. आजचे अभ्यासकही सुलेमानला साधारण १३४१पासूनच धरतात. दुहेरी मोजणी हे कारण मात्र निळ्या पेन्सिलीचे आहे. नक्कल करणाऱ्याने आकडा चुकवला, हेही शक्य आहे.

कासाच्या दृष्टीने महत्त्वाचे एवढेच की ही चूक त्याच्या मागच्या बाजूला आहे. मूसापासून पुढे मोजत आलात तर चार वर्षांची चूक कासाच्या डोक्यावर येऊन बसते. ७७५पासून मागे मोजलात तर ती त्याच्यापर्यंत पोहोचतच नाही. यादवीतल्या अल्पायुषी राजाचा काळ नेहमी त्याच्या नंतरच्या जवळच्या पक्क्या तारखेपासून मागे मोजा.

जिंकणाऱ्याची बदनामी कशी वाचायची

सहसा हरलेल्याला काळे फासले जाते. इथे उलटे आहे. मारी जाताबद्दल इब्न खलदूनने वाईटच लिहिले आहे: जुलमी, उधळ्या, वाडवडिलांनी जपलेला वीस किंतार (एक जुने अरबी वजन) वजनाचा सोन्याचा गोळा इजिप्तच्या व्यापाऱ्यांना मातीमोलाने विकणारा, आणि शेवटी दोन वर्षे झोपेच्या आजाराने खितपत मेलेला. हे वाचून कासाला आपोआप 'सज्जन, अन्यायग्रस्त राजपुत्र' करण्याची हौस अनेकांना आवरत नाही. मारी जाताच्या दोषांवरून कासाचे गुण काढता येत नाहीत. कासाचा स्वभाव, वय, कर्तृत्व या रकान्यांत काही लिहू नका. रकाने कोरे ठेवा.

चित्रांच्या बाबतीतही हेच. १३७५च्या कॅटलान नकाशावर सोन्याचा गोळा हाती धरलेला मालीचा राजा दिसतो, पण तो मूसा आहे, तेव्हा मरून चार दशके होत आली होती. गादीवर होता मारी जाताचा मुलगा, दुसरा मूसा. ते चित्र कापून कासाच्या नोंदीला चिकटवलेले दिसले, तर त्या पानावरचा बाकी मजकूरही तपासून घ्या.

नोंद लिहिताना

एकच वर्ष देऊ नका. असे लिहा: 'मान्सा कासा (पाठभेद कान्बा), सुलेमानचा मुलगा, नऊ चांद्र महिने, सुरुवात मार्च १३५९ ते मध्य-जानेवारी १३६० यांदरम्यान, शेवट ऑक्टोबर १३६०च्या आधी, नंतर मूसाच्या शाखेतला मारी जाता दुसरा.' जागा एकाच आकड्याची असेल तर '१३५९–६०' द्या.

त्याखाली कारणाची एक ओळ जोडा: राजावळी, अधिक फेझचा नजराणा, सफर ७६२. ही ओळ गाळली की पुढचा माणूस मर्यादा गाळून पुन्हा '१३६०' करून टाकतो. मुख्य राजावळीतही शाखा दाखवायला विसरू नका, कारण भांडण कासाबरोबर संपले नाही. मारी जाताचा मुलगा दुसरा मूसा ७८९ मध्ये वारला, त्यानंतर दुसरा मघा वर्षभरात मारला गेला, मग संदकी नावाच्या वजिराने गादी बळकावली आणि तोही काही महिन्यांत मारला गेला. ७९२ मध्ये, म्हणजे १३९०ला, सुंजाताच्या मूळ शाखेतला महमूद गादीवर आला. दुसऱ्या मघाचा आणि संदकीचा काळ लावायचा असेल, तर हिजरी ७९२ ही खुंटी धरा आणि तिथून मागे मोजत चला.